नाथांचा वेष आणि नारायणरावांचा आवाज

फाल्गुन वद्य षष्ठीस जो यात्रेकरू पैठणास जातो त्यास एकनाथ महाराज परके वाटत नाहीत. कीर्तनकाराच्या मुखातून, भारूडकऱ्याच्या सोंगातून, घरच्या आजीच्या गोष्टींतून नाथ त्याच्या घरी आधीच येऊन गेलेले असतात. गोदावरीच्या तापलेल्या वाळवंटात चुकलेले अंत्यजाचे मूल कडेवर उचलून घेणारे नाथ, रामेश्वरास न्यावयाची गंगेची कावड तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखी रिकामी करणारे नाथ, अंगावर थुंकणाऱ्या मनुष्यावर न रागावता पुनःपुन्हा नदीत बुडी मारणारे नाथ, ही चित्रे आमच्या मराठवाड्यात कोणास शिकवावी लागत नाहीत. परंतु १९३५ साली ह्याच नाथांचा वेष एका नटाने घेतला होता, आणि तो नट म्हणजे नेसूच्या शालूवाचून आणि नाकातल्या नथीवाचून ज्याची कल्पनाही महाराष्ट्रास करवत नव्हती असे बालगंधर्व होते, ही गोष्ट आज यात्रेतल्या शंभरांतल्या एकासही ठाऊक असेल असे आम्हांस वाटत नाही. चित्रपटाचे नाव ‘धर्मात्मा’. बालगंधर्वांच्या चरित्रांत ह्या प्रकरणास बहुधा चार-दोन पानांवर जागा मिळत नाही. एक फसलेला प्रयत्न म्हणून चरित्रकार त्यावरून घाईघाईने पुढे जातात. आम्हांस मात्र ते प्रकरण नारायणरावांच्या सबंध आयुष्याची किल्ली वाटते, म्हणून त्याविषयी थोडे विस्ताराने लिहावयाचे योजिले आहे.

नारायण श्रीपाद राजहंस ह्यांचा जन्म २६ जून १८८८ चा. दहा वर्षांचे असता पुण्यास त्यांचे गाणे ऐकून लोकमान्य टिळकांनी ‘बालगंधर्व’ हे नाव दिले ही आख्यायिका सर्वांस परिचित आहे. नाव मिळाले तरी धंदा मिळावयास आणखी काही वर्षे जावी लागली. किर्लोस्कर नाटक मंडळीची नायिका, म्हणजे भाऊराव कोल्हटकर, १९०१ साली निवर्तली होती आणि तिच्या जागी कोणास उभे करावे हा मंडळीपुढील मोठा पेच होता. राजर्षी शाहू महाराजांच्या पाठबळाने हा मुलगा १९०५ साली किर्लोस्करांत आला आणि ‘शाकुंतल’ नाटकात शकुंतला म्हणून उभा राहिला. त्यानंतरच्या दहा-पंधरा वर्षांची हकीकत ही मराठी रंगभूमीचीच हकीकत आहे. १९११ च्या मार्चात खाडिलकरांचे ‘मानापमान’ प्रथम रंगले. त्याच दिवशी नारायणरावांची लहानगी मुलगी वारली होती. तरी तिकिटे घेऊन आलेल्या प्रेक्षकांचा विरस होऊ नये म्हणून ते भामिनीचा शृंगार करून रंगमंचावर गेले. ही गोष्ट सांगताना लोक त्यांच्या कर्तव्यनिष्ठेचे गोडवे गातात. ते योग्यच आहे. पण आम्हांस त्यात दुसरेही काही दिसते. ज्या मनुष्यास असल्या दिवशीही वेष चढविताच दुसरे होता येते, त्यास तो वेष हा नुसता वेष नसतो; तो त्याचा आसरा असतो. पुढील विवेचनात वाचकांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

१९१३ साली गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे ह्यांच्यासह नारायणरावांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. ‘स्वयंवरा’तील रुक्मिणी १९१६ ची, ‘एकच प्याला’तील सिंधू १९१९ ची. हे दुसरे नाटक रंगभूमीवर आले तेव्हा त्याचे कर्ते गडकरी हयात नव्हते. महिन्याभरापूर्वीच ते वारले होते. ८ जुलै १९२१ रोजी टिळक स्वराज्य फंडासाठी मुंबईस झालेल्या ‘संयुक्त मानापमाना’त केशवराव भोसले धैर्यधर आणि नारायणराव भामिनी होते. त्या रात्रीच्या आठवणी पुढे कित्येक वर्षे लोक एकमेकांस सांगत राहिले, आणि केशवरावांचे त्याच वर्षी ऑक्टोबरात अकाली निधन झाल्यामुळे त्या आठवणींस एक करुण झालर लागली.

ह्या काळातील गंधर्वांचे नाटक म्हणजे काय होते हे समजल्यावाचून पुढील अपयश समजावयाचे नाही. नाटक रात्री सुरू होई आणि ते केव्हा संपेल हे मंडळीच्या मालकासही सांगता येत नसे. पद झाले की ‘वन्स मोअर’, तो झाला की पुन्हा एक. आणि प्रत्येक वेळी तेच पद नव्या वळणाने, नव्या आलापीने येई. खाली साथीस कादरबक्षांची सारंगी आणि अहमदजान थिरकवांचा तबला असे. भरजरी शालू खरे, अत्तर खरे, गालिचे खरे. घरच्या स्त्रिया दुसऱ्या दिवशी त्या शालूची नेसण आणि त्या वेणीची घडण आपल्या आरशापुढे करून पाहत. प्रेक्षकांस ते ‘मायबाप’ म्हणत आणि भेटेल त्यास ‘देवा’ म्हणून संबोधीत. हे बोलणे मानभावीपणाचे नव्हते. समोरच्या अंधारात बसलेली माणसे आपणांस रात्रभर सांभाळून नेतात, असा त्यांचा प्रामाणिक भाव होता. त्यांच्या गाण्यास प्रेक्षक हा जणू पाचवा साथीदार होता. हिशेबाच्या वहीशी मात्र त्यांचे कधी जमले नाही. टेंबे लवकर बाहेर पडले, बोडसही पुढे गेले, आणि एकट्या मालकाच्या डोक्यावर कर्जाचा डोंगर चढला. तो उतरविण्यात त्यांच्या गळ्याची ऐन उमेदीची वर्षे गेली.

एवढ्यात बोलपट आला. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईस ‘आलम आरा’ लागला आणि पुढल्याच वर्षी, १९३२ च्या फेब्रुवारीत, कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट आणला. त्यात हरिश्चंद्र झाले होते ते गोविंदराव टेंबेच! नारायणरावांचा जुना भागीदार पडद्यावर बोलू-गाऊ लागला ही केवळ बातमी नव्हती, ती सूचना होती. तारामतीच्या भूमिकेत दुर्गाबाई खोटे ह्या सुशिक्षित कुलीन घरच्या स्त्री उभ्या होत्या, ही दुसरी सूचना. १९३३ साली नाट्यमन्वंतर संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले, त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या, ही तिसरी. नाट्यगृहांचे मालक एकामागून एक पांढरे पडदे टांगू लागले होते. चार आण्यांत दोन-अडीच तासांची करमणूक मिळत असता जागरण करून नाटकास कोण जाणार, हा प्रश्न प्रत्येक मंडळीस पडला. नारायणराव तेव्हा पंचेचाळिशी ओलांडून गेले होते. आवाज तसाच होता. पण शरीर आपले वय सांगू लागले होते, आणि शकुंतलेस वय सांगण्याची मुभा नसते.

अशा वेळी प्रभातशी करार झाला. प्रभातने तोवर कोल्हापूर सोडून पुण्यास आपले प्रभातनगर वसविले होते. दोघांच्या भागीदारीत सहा चित्रपट काढावयाचे ठरले, आणि नारायणरावांनी नाटकाचे खेळ थांबवून चित्रनगरीचा रस्ता धरला. ह्या कराराची एक बाजू अशी आहे की ती एखाद्या कादंबरीत आली असती तर वाचकांनी लेखकास अतिशयोक्तीचा दोष दिला असता. चित्रपटाचे दिग्दर्शक व्ही. शांताराम हे पोरवयात ह्याच गंधर्व नाटक मंडळीत उमेदवारीस होते. लहानसहान कामे करीत आणि पडद्याआडून मालकांचे गाणे ऐकत त्या कोल्हापूरच्या पोराने काही काळ तेथे काढला होता. मालक ज्या पोरास नावानेही क्वचित हाक मारीत असतील, तोच वीस वर्षांनी त्यांस सांगणार होता की, येथे उभे राहा, इतकेच बोला, हात इतका वर नेऊ नका. दोघांनीही हा प्रसंग सभ्यतेने निभावला. पण रंगमंचावर ज्याच्या इच्छेवाचून पडदा पडत नसे, त्यास दुसऱ्याच्या ‘कट’ ह्या शब्दावर थांबणे काय वाटले असेल, ह्याची कल्पना करावयास फार प्रतिभा नको.

संगीतासाठी आणले गेले मास्टर कृष्णराव. तेही गंधर्व मंडळीचेच. भास्करबुवा बखल्यांचे शिष्य, नट आणि पदांना चाली देणारे. ‘धर्मात्मा’ पासूनच त्यांच्या प्रभातमधील कारकिर्दीस सुरुवात झाली आणि ‘अमरज्योती’, ‘गोपाळकृष्ण’, ‘माणूस’, ‘शेजारी’ अशी ती चढत गेली. कृष्णराव जन्मले आळंदीस, पण त्यांचे आडनाव फुलंब्रीकर. आणि फुलंब्री हे आमच्या छत्रपती संभाजीनगरापासून हाकेच्या अंतरावरचे गाव. म्हणजे पैठणच्या संताचे चित्र काढावयास निघालेल्या मंडळींत आमच्या मुलखाचे नाव लावणारा एक तरी मनुष्य होता, ही गोष्ट नोंदविण्याचा मोह आम्हांस आवरत नाही. बाकी पैठण सारे पुण्यास उभारलेले. खरे पैठण तेव्हा निजामाच्या राज्यात होते, आणि खरी गोदावरी आपल्या वाळवंटातून आपल्या गतीने वाहत होती.

विषयाची निवड उत्तम होती ह्यात शंका नाही. नाथांचे चरित्र हे गोड आवाजाच्या नटास निमित्त म्हणून घेतलेले नव्हते. १९२७ साली महाडचा सत्याग्रह झाला होता, १९३० पासून नाशिकच्या काळाराम मंदिरापुढे अस्पृश्य बंधू उभे होते, गांधींचा हरिजन-दौरा नुकता होऊन गेला होता. आणि ज्या वर्षी ‘धर्मात्मा’ पडद्यावर आला त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात डॉ. आंबेडकरांनी येवल्यास, आपण हिंदू म्हणून मरणार नाही, अशी घोषणा केली. अशा वेळी के. नारायण काळे ह्यांनी रचलेल्या कथेत नाथ श्राद्धाचे अन्न ब्राह्मणांआधी अस्पृश्यांस वाढतात, त्यांच्या घरी जाऊन जेवतात आणि त्यापायी बहिष्कार सोसतात. विरोधी बाजूस महंत असतो (ही भूमिका काळे ह्यांनी स्वतः केली) आणि घरातच नाथांचा पुत्र हरिपंडित असतो. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते. हे नाव सरकारी परिनिरीक्षकांस रुचले नाही. महात्मा म्हटले की गांधीच, असे त्यांचे गणित. काटछाट झाली, नाव बदलले आणि ‘महात्मा’चा ‘धर्मात्मा’ झाला. सोळाव्या शतकात वावरलेल्या पैठणच्या सत्पुरुषास विसाव्या शतकातील साहेबाने राजकीय पुरुष ठरवावे ह्यात विनोद आहे खरा. पण साहेब अगदीच मूर्ख होता असेही म्हणवत नाही. चित्रपट काढणाऱ्यांच्या मनात जे होते ते त्याने बरोबर ओळखले होते.

मग अपयश कोठे आले? नाथांच्या वेषातील नारायणराव लोकांनी पाहिले, ऐकले, नमस्कारही केला. परंतु ज्या वेडाने ते रुक्मिणीस आणि सिंधूस पाहावयास येत ते वेड आले नाही. ह्याचे कारण बहुतेक जण पुरुषवेषावर ढकलतात. भामिनीस धोतर नेसविले, लोकांस कसे रुचणार, असा साधा हिशेब. खुद्द नारायणरावांनाही ह्या भूमिकेत अवघडल्यासारखे झाले आणि पुरुषभूमिका आपल्या प्रकृतीच्या नव्हेत असे त्यांस वाटले, हे खरेच आहे. तथापि हे कारण अर्धे आहे. उरलेले अर्धे त्या यंत्राच्या स्वभावात आहे.

कॅमेऱ्यापुढे प्रेक्षक नसतो. ज्या गळ्यास पाचव्या साथीदाराची सवय, त्याच्यापुढे आता एक काचेचा डोळा आणि घामाघूम झालेले दहा-बारा कामगार. गाणे आधी ध्वनिमुद्रित करून नंतर ओठ हलवावयाचे, हा प्रघात कलकत्त्यास १९३५ सालीच नुकता सुरू होत होता. एरवी नटास चित्र घेतले जात असताच, डोक्यावर प्रखर दिवे पेटलेले असता, नेमक्या जागी उभे राहून गावे लागे. पद दोन-तीन मिनिटांत संपले पाहिजे, वन्स मोअर नाही, आणि समजा एखादी जागा आज अशी उमलली की उभे थिएटर उसासा टाकील, तरी उसासा टाकावयास तेथे कोणी नाही. ग्रामोफोनच्या तबकडीस नारायणराव सरावलेले होते, थोडक्यात गावे कसे हे त्यांस ठाऊक होते, असा आक्षेप कोणी घेईल. पण तबकडी ऐकणारा मनुष्य डोळ्यांसमोर रुक्मिणी आपणच उभी करी. तबकडीस चेहरा नव्हता. चित्रपटाने चेहरा दिला, आणि तो इतक्या जवळून दिला की नाट्यगृहाच्या पाचव्या ओळीतूनही तो कधी दिसला नव्हता. रंगमंचावरील गंधर्वांचे रूप हे अंतराने, उजेडाने, अत्तराच्या वासाने आणि अर्ध्याअधिक प्रेक्षकांच्या कल्पनेने मिळून झालेले रूप होते. भिंगाने त्यातील अंतर काढून टाकले.

येथे आमच्या मनात एक विचार वारंवार येतो, तो सांगून टाकतो. नाथ स्वतः केवढे बहुरूपी होते! त्यांच्या गौळणींत तेच गोपी होऊन बोलतात. शेकडोंनी रचलेल्या भारुडांत कधी ते महार होतात, कधी जोशी, कधी सासुरवाशीण. देवगिरीच्या जनार्दनस्वामींचा हा विद्वान शिष्य, काशीस बसून भागवताच्या एकादश स्कंधावर टीका पुरी करणारा, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध करणारा. आणि त्यास दुसऱ्याच्या, विशेषेकरून स्त्रीच्या आणि हीन मानलेल्याच्या, मुखाने बोलण्याची एवढी आवड. नारायणरावांनी तीस वर्षे दुसरे काय केले होते? नाथ आणि नारायणराव ह्यांच्यात जर काही सख्य होते तर ते ह्या ठिकाणी होते. चित्रपटाने नाथांचा समाजसुधारक उचलला, तो काळाची गरज म्हणून उचलला, आणि ते चांगलेच केले. पण गौळण गाणारे नाथ बाजूस राहिले; आणि नारायणरावांस जे नाथ सहज साधले असते ते कदाचित तेच होते.

हे आमचे म्हणणे निव्वळ कल्पनेचे नाही, ह्यास एक पुरावा आहे, आणि तोही प्रभातच्याच घरचा. ‘धर्मात्मा’नंतर एक वर्षाने, १९३६ च्या डिसेंबरात, दामले-फत्तेलाल ह्यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ आला. त्यातील तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस हेही जुने स्त्रीपार्टीच होते. स्वदेशहितचिंतक मंडळीत त्यांनी नायिका रंगविल्या होत्या. त्यांच्या चालण्या-बोलण्यातील बायकी मार्दव शांतारामांस खटकले होते असे सांगतात. दामले-फत्तेलालांनी मात्र ते तसेच राहू दिले. परिणाम काय झाला हे जगजाहीर आहे. तेच मार्दव तुकोबांचे झाले. मुंबईच्या सेंट्रल सिनेमात तो चित्रपट सत्तावन्न आठवडे चालला, १९३७ साली व्हेनिसच्या चित्रपट-महोत्सवात त्याची वाखाणणी झाली, आणि पागनीस १९४३ साली वारेपर्यंत लोकांच्या डोळ्यांपुढे तुकारामच राहिले. ‘संत तुलसीदास’, ‘नरसी भगत’ ह्याही भूमिका पुढे त्यांच्याकडेच आल्या.

तेव्हा स्त्रीपार्टी नटास संताची भूमिका वर्ज्य होती, असे म्हणता येत नाही. पागनीसांची रंगभूमीवरील कीर्ती बेताची होती. त्यांस गमवावयाचे थोडे होते, म्हणून त्यांस तुकारामांत विरघळता आले. नारायणराव पडद्यावर आले ते तीस वर्षांची भामिनी, रुक्मिणी आणि सिंधू बरोबर घेऊन. प्रेक्षकही नाथांस पाहावयास आले नव्हते. बालगंधर्व नाथ कसे होतात ते पाहावयास आले होते. कीर्तीचे असे असते, ती नटाच्या आधी खुर्चीवर येऊन बसते.

सहांपैकी एकच चित्रपट होऊन भागीदारी मिटली. दोन्ही बाजूंनी कटुता वाढू दिली नाही, हे त्यांच्या थोरवीस साजेसेच. त्यानंतर नारायणरावांनी जे केले ते आम्हांस ‘धर्मात्मा’पेक्षाही अधिक बोलके वाटते. १९३७ साली त्यांनी ‘साध्वी मीराबाई’ हा चित्रपट केला. दिग्दर्शक बाबुराव पेंटर. ज्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शांताराम, दामले आणि फत्तेलाल हे तिघेही शिकले, ते बाबुराव. चित्रपट म्हणजे वसंत शांताराम देसाई ह्यांच्या ‘अमृतसिद्धी’ ह्या नाटकाचेच चित्रण, आणि मीरा झाले स्वतः नारायणराव. म्हणजे पुरुषवेष टाकून ते पुन्हा शालूत शिरले, आणि नाटकच उचलून कॅमेऱ्यापुढे ठेवले. व्यवहाराच्या दृष्टीने ही चूक होती. एव्हाना पडद्यावर शांता आपटे, दुर्गाबाई ह्यांस पाहिलेला प्रेक्षक पन्नाशीकडे झुकलेल्या पुरुषास मीरा म्हणून स्वीकारावयास तयार नव्हता. चित्रपट पडला. परंतु ह्यात हट्ट होता की अज्ञान? आम्हांस वाटते, हट्ट होता, आणि तो समजण्याजोगा होता. जगाने सांगितले की तुमची कला आता ह्या वेषात चालणार नाही. त्यांनी एकदा वेष बदलून पाहिला, त्यात आपण आपले राहत नाही असा अनुभव घेतला, आणि मग चालो वा न चालो, आपल्याच वेषात उभे राहण्याचे ठरविले. मुलीच्या मृत्यूच्या दिवशी ज्या वेषाने त्यांस तारले होते तो वेष टाकण्याचा सल्ला कोणीही दिला तरी फार दिवस मानला जाणार नव्हता.

नाटक त्यांनी पुन्हा सुरू केले. पुढे गोहरबाई कर्नाटकी मंडळीत आल्या, पूर्वीचे वैभव काही आले नाही, कर्जे मात्र येत राहिली. १९४४ साली मुंबईच्या नाट्यसंमेलनाचे अध्यक्षपद त्यांस मिळाले. १९५५ साली संगीत नाटक अकादमीचा सन्मान आणि १९६४ साली पद्मभूषण. उत्तरायुष्यात पाय अधू झाले तेव्हा बसल्या बैठकीस भजने गाऊन ते लोकांपुढे येत. त्या बैठकींत वेष नसे, दिवे नसत, आणि ऐकणारे मायबाप मात्र पुन्हा समोर असत. १५ जुलै १९६७ रोजी पुण्यास त्यांचे निधन झाले. पुढील वर्षी त्यांच्या जन्मदिनी त्यांच्या नावाचे रंगमंदिर पुणेकरांसाठी खुले झाले. त्याची कोनशिला त्यांच्याच हातून १९६२ साली बसविण्यात आली होती.

पैठणास गोदावरीचे रूप पालटले आहे. नाथांच्याच नावाचा नाथसागर वरच्या अंगास पसरला आहे आणि वाळवंटाची जुनी कल्पना नव्या यात्रेकरूस सहज करवत नाही. षष्ठी, सप्तमी आणि अष्टमी असे तीन दिवस उत्सव चालतो, शेवटच्या दिवशी काल्याची हंडी फुटते, आणि त्या गर्दीत कोणी ना कोणी भारूड म्हणणारा कमरेस पदर खोचून, कपाळास कुंकू लावून बाईच्या सोंगात उभा असतो.